काळ्या कुईची प्रस्तावना

"प्रस्तावना लिहिण्यात या अख्ख्या फॅकल्टीत माझा हात धरणारा कोणी नाही. प्राणी कुठलाही सांगा! मला तो बघायचीसुद्धा गरज नाही."

हे वाक्य वाशोने नक्की कोणाला ऐकवलं ते सांगणं कठीण आहे. फॅकल्टीच्या फाटकाबाहेर तडातडा गारा पडत होत्या, आणि क्लेमेन्सियाबाईंच्या चोचोसच्या गाडीवर जी एवढीशी निळी ताडपत्री आहे, तिच्याखाली पशुवैद्यकीचं निम्मं दुसरं वर्ष कोंबलेलं होतं. त्यामुळे ऐकलं सगळ्यांनीच. पण बोलताना तो ज्या मुलीकडे बघत होता, तिचं लक्ष त्याच्या कोपराकडे होतं.

"कोपर काढ," ती म्हणाली.

"कुठून?"

"माझ्या चोचोसमधून."

वाशोने खाली बघितलं. पांढरे दाणे, कांदा, टोमॅटो, लिंबाचा रस आणि मधोमध त्याच्या स्वेटरचं कोपर. त्याने ते उचललं, पुसावं की चाटावं असा क्षणभर विचार केला... आणि चाटलं. मुलगी हसली. फार नाही, ओठाच्या एका बाजूने, तेवढंच. पण गारा पडत असताना तेवढंही पुरतं.

तिचं नाव नुबिया यूम्ब्ला. त्याचं वॉशिंग्टन गुआमान. आमच्या रिओबांबात वॉशिंग्टन नावाची पोरं पैशाला पासरी आहेत. त्यांतल्या एकानेही ते शहर पाहिलेलं नाही. याला घरीदारी सगळे वाशो म्हणत.

"खरंच न बघता लिहितोस?" नुबियाने विचारलं.

"प्राणी कुठला?"

"बेडूक. आमच्या तुकडीने काल कापला."

"सोपा आहे. तू काय लिहिलंयस, दाखव."

नुबियाने पिशवीतून कागद काढून दिला. त्यावर लिहिलं होतं: 'आम्ही बेडूक कापला. आत बेडकाचं सगळं होतं.'

वाशोने कागद उलटा करून मागे बघितलं. मागे काही नव्हतं. "पुढे?"

"पुढे काय? होतं सगळं."

"ही प्रस्तावना आहे की पोलिसांतली तक्रार?"

"मला कापता येतं," नुबिया म्हणाली, "लिहिता येत नाही. आणि दात काढू नकोस. माझी तिसरी नोंदणी आहे."

वाशोचे दात आत गेले. आमच्या विद्यापीठात एका विषयाला तीनदाच नाव घालता येतं. तिसऱ्यांदा नापास झालं की दार बंद. मग कोणी रडो, कोणी बिशपची चिठ्ठी आणो. नुबिया शरीररचनेत दोनदा गेली होती, आणि दोन्ही वेळा प्रस्तावनेपायी. हा विषय डॉक्टर पास्मिन्यो शिकवतात, आणि ते प्रॅक्टिकलच्या रिपोर्टातली फक्त प्रस्तावना वाचतात. पुढच्या पानांवर त्यांना झोप येते म्हणे. एका बहाद्दराने पुढच्या पानांवर आईची बटाट्याच्या सुपाची कृती उतरवून दिली होती. तो पहिल्या वर्गात पास झाला.

दार बंद झालं तर पुढे काय, तेही ठरलेलं होतं. नुबियाला वाढवणारी सोइला मावशी दर मंगळवारी आणि शुक्रवारी बाजारात बसून लोकांची नजर, भीती, वारा असलं सगळं उतरवायची. जडीबुटीच्या जुड्यांमागे तिच्या शेजारी एक रिकामं स्टूल असे. ते नुबियाचं. त्यावर मावशी दुसऱ्या कोणाला टेकूही देत नसे.

"तिसऱ्यांदा?" वाशो म्हणाला. "म्हणजे हा कोर्स तू डॉक्टरांपेक्षा जास्त वेळा केलायस!"

"लिहितोस की जाऊ?"

"एक प्लेट चोचोस. कोपराशिवाय."

गारा थांबायच्या आत प्रस्तावना झाली. सुरुवात अशी होती: 'अनादी काळापासून मानवाला बेडकाच्या अंतरंगाचं कुतूहल वाटत आलं आहे...' नुबियाने ती बसमध्ये पुन्हा पुन्हा वाचली. मानवाला इतकं कुतूहल असेल असं तिला कधी वाटलं नव्हतं. मध्येच तिला त्या मुलाचे थंडीने लाल झालेले कान आठवले. ते का आठवले, ते तिला कळलं नाही. ती पुन्हा बेडकाकडे वळली.

सोमवारी दोन्ही तुकड्यांना एकत्र बसवून डॉक्टर पास्मिन्यो रिपोर्ट वाचू लागले. डॉक्टरांचा आवाज बस-स्टँडवर गाड्या पुकारणाऱ्या माणसासारखा आहे; सगळं एकाच सुरात.

"'अनादी काळापासून मानवाला गांडुळाच्या अंतरंगाचं कुतूहल वाटत आलं आहे.' बरं. 'अनादी काळापासून मानवाला ट्राउट माशाच्या...' बरं. 'अनादी काळापासून मानवाला कोंबडीच्या...' हा मानव आहे तरी कोण? याला दुसरा कामधंदा नाही का?"

वर्ग हसला. नुबिया हसली नाही, कारण पुढचा कागद तिचा होता.

"'...बेडकाच्या अंतरंगाचं... थंडीच्या दिवसांत बेडूक आपली पिसं फुलवून...'" डॉक्टर थांबले. चष्मा वर करून त्यांनी ती ओळ पुन्हा बघितली. "पिसं."

आता वर्ग बाकांवर लोळू लागला. नुबियाने जमिनीकडे बघितलं. जमिनीवर तिला एक रिकामं स्टूल दिसलं.

"यूम्ब्ला, हा बेडूक तू कुठे पाहिलास? मलाही बघायचाय."

नाव सांगून मोकळं होता आलं असतं. तिने नाही सांगितलं. मग मागच्या रांगेत एक खुर्ची करकरली.

"ती पिसं माझी आहेत, डॉक्टर," वाशो म्हणाला. "म्हणजे... कोंबडीची. राहून गेली."

याला धाडस म्हणायचं की नाही, हा प्रश्नच आहे. कारण सगळ्या प्रस्तावनांचं अक्षर एकच होतं, आणि डॉक्टरांनी तोवर अर्धी मान त्याच्याकडे वळवलीच होती. पण उभा राहिला, एवढं खरं.

"गुआमान साहेब, आपण आजवर एखादा प्राणी कापलाय का?"

वाशोने छताकडे बघितलं. उत्तर त्याच्या जोडीदाराने दिलं. "कापायला मीच असतो, डॉक्टर. हा भिंतीकडे तोंड करून उभा राहतो. रक्त बघितलं की आडवा होतो."

"आणि साहेबांना पशुवैद्य व्हायचंय!"

"औषधांच्या बाजूने, डॉक्टर..."

डॉक्टरांनी कागदांचा गठ्ठा टेबलावर आपटला. "शेवटचं प्रॅक्टिकल कुईचं. ते तुम्ही दोघं मिळून करणार. कापणार गुआमान. प्रस्तावना लिहिणार यूम्ब्ला. मानव नको, अनादी काळ नको. त्या एका प्राण्याबद्दल तुला स्वतःला जे ठाऊक आहे, तेच. एक खोटं वाक्य सापडलं की दोघांना शून्य."

कुई म्हणजे बाहेरच्या जगात ज्याला गिनीपिग म्हणतात ते. आमच्याकडे ते चुलीखाली राहतं, सणाला ताटात येतं, आणि सोइला मावशीसारख्यांच्या हातात गेलं की दवाखान्याचं कामही करतं. वाशोला शून्य म्हणजे एक वर्ष फुकट. नुबियाला शून्य म्हणजे स्टूल.

जिन्यात तिने त्याला गाठलं. "तू उभा का राहिलास?"

"बसून बसून पाय आखडले होते."

"थापा."

"मग तू माझं नाव का नाही सांगितलंस?"

"आठवलं नाही. कुठल्यातरी गावाचं होतं, एवढंच आठवत होतं..."

रविवारी वाशो सरावाला तिच्या घरी आला. एका हातात गोड पावांची पिशवी, दुसऱ्या हातात नवं कोरं स्काल्पेल. सोइला मावशीने दोन्हीकडे बघितलं आणि पाव ठेवून घेतले. मावशी बुटकी, रुंद, आणि डोक्यावर हॅट, चुलीपुढे बसतानासुद्धा.

"आधी जेव," ती म्हणाली. "उपाशी पोरगं काय कापणार?"

यावारलोक्रो केलं होतं. बटाट्याचं सूप, आणि त्यावर कोकराच्या परतलेल्या रक्ताचा चुरा. वाशोने घाईघाईने वाटीवर हात धरला. "मावशी, वरून तो चुरा नको."

"नको तर नको. वरून नाही घालत."

मावशी शब्दाची पक्की. तिने वरून घातला नाही, तळाशी घातला. अर्धी वाटी होईपर्यंत वाशो सुपाची तारीफ करत होता. मग चमचा खाली लागला. त्याने चमच्यात बघितलं, चमचा अगदी नीट ताटलीत ठेवला, आणि बाकावरून कलला. घाईने नाही, भिंतीला टेकलेलं पोतं कलतं तसा. चुलीखालच्या कुईंनी शिट्ट्या मारत त्याला जागा करून दिली.

"याला भीती बसलीय," मावशी म्हणाली. "लहानपणी कशाला तरी दचकलाय. शुक्रवारी ये रे, कुई फिरवते अंगावरून."

"मावशी, शुक्रवारीच प्रॅक्टिकल आहे," नुबिया म्हणाली.

"मग सकाळी ये."

"मला भीती नाही, मावशी," जमिनीवरून वाशो म्हणाला. "ही केवळ शरीराची एक..."

"गप. निजून राहा."

नुबियाने त्याच्या कपाळावर ओलं फडकं ठेवलं. एक कुई त्याच्या स्वेटरचं कोपर कुरतडत होतं. त्याला बहुतेक अजून चोचोसचा वास येत असावा. वाशोच्या पापण्या लांब आहेत हे नुबियाला या कोनातून पहिल्यांदाच दिसलं. तिने फडकं जरा खाली ओढलं... डोळ्यांवर. उगाच.

"कागद घे," फडक्याखालून आवाज आला. "मी पडल्या पडल्या सांगतो. कुईबद्दल तुला काय ठाऊक आहे?"

"'कुई हा एक प्राणी आहे.'"

"हे डॉक्टरांनाही ठाऊक आहे. तुला काय ठाऊक आहे?"

नुबियाने पेन्सिल कानामागे खोचली. "मावशी घासाची पेंडी घेऊन आली की ती दारात दिसायच्या आधी यांना कळतं. मग शिट्ट्या सुरू. आणि पेंडी नसेल ना, तर शिट्टी मध्येच थांबते. लाजल्यासारखी."

"पुढे?"

"डोळे उघडे ठेवून झोपतं. लहानपणी मला वाटायचं, माझ्यावर पाळत ठेवतंय."

"लिही हे."

"हे? हे काय शास्त्र आहे?"

"तू स्वतः पाहिलंस ना?"

"रोज."

"मग लिही." फडकं बाजूला झालं. "नुबिया, मी एवढ्या प्रस्तावना लिहिल्या... त्यांतला एकही प्राणी मी पाहिलेला नाही."

तिने कानामागची पेन्सिल काढली. ती लिहायला लागली. लिहिताना ती जिभेचं टोक दातांत धरायची. कोणी बघत असलं की ते तिला जाणवायचं. आता जाणवलं.

"काय बघतोस?"

"प्राणी. स्वतः बघायचा, असं डॉक्टर म्हणालेत."

"उठ!" तिने त्याच्या हातात एक लालबुंद टोमॅटो दिला. "आता तू काप."

तो टोमॅटो त्याने डोळे मिटून कापला. सोमवारी एक डोळा उघडून कापला. बुधवारी बीटावर आला, आणि गुरुवारी कोंबडीच्या तंगडीवर. तंगडी कापताना त्याने नुबियाचा दंड धरून ठेवला होता. तंगडी संपल्यावरही धरून ठेवला होता. दोघांपैकी कोणीच हे दुसऱ्याच्या लक्षात आणून दिलं नाही.

शुक्रवारी सकाळी चिंबोरासोच्या बर्फाळ शिखराकडून असा वारा सुटला होता की नळाचं पाणी हाताला चावत होतं.

"शर्ट काढ," मावशी म्हणाली.

"अचाचाय!" वाशो थंडीने कळवळला.

"बोंबलू नकोस, अजून मी काही केलेलं नाही. आधी चुलीखालून काळा नर आण. बाईला मादी लागते, पुरुषाला नर. ओळखता येतो ना?"

"मावशी, दुसऱ्या वर्षाला आहे मी!"

वाशो उघड्या अंगाने चुलीखाली शिरला आणि एक काळं, गुबगुबीत कुई घेऊन बाहेर आला. "हा बघा. काय धष्टपुष्ट आहे!" मावशीने बघितलं नाही. तिने तोंडात दारूचा घोट धरला होता आणि डोळे मिटून संतांची नावं मनात लावत होती. नुबिया जुड्या बांधत होती. तिने वाशोच्या पाठीकडे एकदा बघितलं, मग दोन जुड्यांना एकच गाठ मारली.

मावशीने घोट फुर्रकन त्याच्या तोंडावर फवारला आणि कुई फिरवायला घेतलं. डोकं, मान, छाती, पाठ, पोटऱ्या. खरं तर अशा वेळी कुई मावशीच्या हातातच मरतं, बहुतेक छातीपाशी. मग ती ते उघडते आणि माणसाच्या आत काय बिघडलंय ते कुईच्या आत बघून सांगते. हे कुई मेलं नाही. त्याने वाशोच्या खांद्यावर लेंड्या टाकल्या आणि डोळे आणखी मोठे केले.

मावशीने ते उजेडाकडे धरलं. "मेलं नाही. म्हणजे एकतर तुला काही झालेलंच नाही, नाहीतर जे झालंय ते कुईच्या आवाक्यातलं नाही." हे म्हणताना तिने नुबियाकडे का बघितलं, ते तिलाच ठाऊक.

"आता याला परत चुलीखाली सोडता येत नाही. खाताही येत नाही. उघडून बघावंच लागतं," मावशी म्हणाली. "तुम्ही तिथे कापणारच आहात ना? मग हेच न्या. आत काय दिसलं ते मला संध्याकाळी सांगा."

नुबियाने प्रॅक्टिकलसाठी एक तपकिरी कुई वेगळं काढून ठेवलं होतं. पण एका कुईत दोन कामं होत असताना दुसरं मारायचं, हे कोणालाच पटण्यासारखं नव्हतं. तिने उंबऱ्यावर बसून प्रस्तावनेत चार ओळी वाढवल्या. स्वतःला ठाऊक असेल तेच लिहायचं, म्हणजे ठाऊक असलेलं सगळंच लिहायचं, असा तिचा समज होता.

प्रयोगशाळेत डॉक्टर पास्मिन्योंनी सवयीप्रमाणे कुई काखेत धरलं आणि दुसऱ्या हातात कागद घेऊन पुकारायला सुरुवात केली.

"'हे कुई आमच्या चुलीखाली जन्मलं. ते डोळे उघडे ठेवून झोपतं. घास येणार असेल तर ते माणसांच्या आधी ओळखतं, आणि चुकलं तर लाजतं...'"

वर्ग ऐकू लागला. डॉक्टरांचा बस-स्टँडचा सूरही जरा मऊ पडला. नुबियाने टेबलाखाली वाशोचा हात शोधला. तो आधीच तिथे होता, घामेजलेला.

"'हा पूर्ण वाढलेला काळा नर आहे. आज सकाळी माझ्या मावशीने तो वॉशिंग्टन गुआमानच्या अंगावरून डोक्यापासून पायापर्यंत फिरवला. तो मेला नाही.'"

डॉक्टर थांबले. त्यांनी काखेत बघितलं. काखेतून कुईने त्यांच्याकडे बघितलं. डॉक्टरांनी अतिशय सावकाश कुई टेबलावर ठेवलं, कागद कुईपाशी ठेवला, हात डगल्याला पुसले, आणि मग डगला काढून खुंटीला लावला.

"शास्त्रात असलं काही नसतं," ते म्हणाले. हे ते दारापाशी जाऊन म्हणाले.

वर्ग त्यांच्याआधीच भिंतीला लागला होता. अंगावरून फिरवलेल्या कुईला जो हात लावतो त्याला तो आजार चिकटतो, हे त्यांना कुठल्याही पुस्तकात वाचावं लागलेलं नव्हतं.

"वाशो, तुला झालंय काय पण?" भिंतीतून कोणीतरी विचारलं.

"भीती."

"ती लांबून लागते का?"

एकाने खिडकी उघडली.

"डॉक्टर, बेशुद्धीचं औषध तुम्ही देता ना?" नुबियाने विचारलं.

"बाटली तिथेच आहे. तुम्हीच द्या. शिकायला नको का?"

वाशोने स्काल्पेल उचललं, डोळे गच्च मिटले आणि डावा हात कुईवर ठेवला. नुबियाने कापूस बाटलीतल्या औषधात भिजवला, वाकली... आणि तिथेच थांबली. कुईची कूस एकदा आवळली. सैल पडली. पुन्हा आवळली. चुलीखाली हे तिने किती वेळा पाहिलं होतं!

"वाशो, हात हलवू नकोस."

"मी काही केलं नाही."

"हलवू नकोस म्हटलं ना."

"नुबिया... काहीतरी बाहेर आलं. गरम आहे." त्याचा आवाज चिरकला. "मी अजून कापलंच नाही! आई गं, मी कापलं नाही आणि आतलं बाहेर आलं!"

"डोळे उघड."

"नको."

"उघड रे. मी आहे ना."

वाशोने डोळे उघडले. त्याच्या तळहातावर एक ओलं, काळं पिल्लू बसलं होतं. अंगभर केस, डोळे टक्क उघडे. त्याच्यामागून दुसरं आलं, मग तिसरं. थोडं रक्तही होतं, आणि ते वाशोला दिसलं. सगळी भिंत तो पडायची वाट बघत राहिली. तो पडला नाही. स्काल्पेल तेवढं खाली पडलं.

"नखाएवढे कान आहेत..." तो म्हणाला.

"बायांनो," भिंतीतून एकजण ओरडली, "वाशोला तिळं झालं!"

हसण्याचा जो गदारोळ उठला तो कमी झाल्यावर दारातून डॉक्टरांचा आवाज आला, पुन्हा एकसुरी. "यूम्ब्ला. प्रस्तावनेत 'नर' लिहिलंय."

हसणं एकदम बंद झालं. एक खोटं वाक्य, की शून्य. नियम सगळ्यांना पाठ होता. नुबियाच्या डोळ्यांपुढे जडीबुटीच्या जुड्या आल्या, त्यांच्यामागचं स्टूलही आलं.

"नर मी निवडला होता, डॉक्टर," वाशो म्हणाला. "म्हणजे मादी. शून्य मला एकट्याला द्या."

"तू गप," नुबिया म्हणाली. "प्रस्तावना माझी आहे." मग ती दाराकडे वळली. "डॉक्टर, सकाळी मला तो नरच वाटत होता. प्रस्तावना आधी लिहायची असते ना? मग त्यात आधी जे वाटतं तेच येणार. आत काय निघालं, ते पुढच्या पानावर. प्रस्तावनेतच सगळं बरोबर असलं, तर... तर मग कापायचं कशाला?"

डॉक्टर पास्मिन्यो चौकटीला टेकले. इतक्या वर्षांत पुढच्या पानांचा त्यांच्याकडे कोणी विषयच काढला नव्हता.

"पुढचं पान आहे का?" त्यांनी विचारलं.

नुबियाने तिथेच उभ्या उभ्या लिहिलं. या वेळी जीभ दातांत धरायलाही वेळ नव्हता. "'नर नव्हता,'" तिने वाचून दाखवलं. "'आम्ही काही कापलं नाही. तीन पिल्लं झाली. तिन्ही बघताहेत.'"

"पास," डॉक्टर म्हणाले. "दोघंही."

"सही, डॉक्टर?" नुबियाने कागद पुढे केला. त्यातल्या पहिल्या पानावर मघापर्यंत कुई बसलेलं होतं.

"नको, नको! तिथेच राहू दे. सही मी माझ्या वहीत करतो."

बाहेर गारा नव्हत्या. बेताचं ऊन होतं. तरी क्लेमेन्सियाबाईंच्या ताडपत्रीखाली दोघं खांद्याला खांदा लावून उभे होते, सवयीने. मध्ये खोकं, खोक्यात बाळंतीण आणि तीन पिल्लं.

"नुबिया," वाशो म्हणाला.

"हं."

"अनादी काळापासून मानवाला..."

"वाशो."

"हं?"

"प्रस्तावना नको. पुढचं पान."

त्याचे कान लाल झाले. आज तर थंडीही नव्हती. "मला तू आवडतेस," तो म्हणाला. "कोपर काढ म्हणालीस ना... तेव्हापासून."

नुबियाने प्लेटमधले चोचोस चमच्याने इकडचे तिकडे केले. "स्वतः पाहिलंयस? की ऐकीव?"

"रोज बघतोय."

"संध्याकाळी मावशी विचारणार, आत काय दिसलं. काय सांगू?"

"कापावं लागलं नाही म्हण. आणि ते स्टूल राहू दे म्हणावं. सासुरवाडीला आलो की मला लागेल बसायला."

"फार पुढची पानं लिहू नकोस हं!" ती म्हणाली. पण खोक्यावरच्या त्याच्या हातावर तिने हात ठेवला... आणि तो तिथेच राहिला. "मलाही," ती म्हणाली. "एवढंच. मला जास्त लिहिता येत नाही."

क्लेमेन्सियाबाईंनी दुसरीकडे तोंड करून कांदा चिरायला घेतला.

"मावशीच्या हाताला गुण आहे बघ," वाशो म्हणाला. आता त्याला सगळं जग चोचोसच्या प्लेटएवढं वाटत होतं. "आता मला रक्ताचं काही म्हणजे काही वाटत नाही. बादलीभर आणून ठेव समोर!" आणि त्याने पिल्लाला गोंजारायला खोक्यात बोट घातलं.

पिल्लाची आई चावली. बोटावर रक्ताचा एक थेंब आला. वाशोने तो बघितला.

नुबियाने आधी खोकं उचललं. वाशोने पडताना आधाराला जे धरलं, ते क्लेमेन्सियाबाईंचं पातेलं होतं. त्या दिवशी फॅकल्टीत कोणालाही चोचोस मिळाले नाहीत.